शेवटच्या पानाची प्लेट

२०१६ च्या डिसेंबरात मिरजेत एका छोट्या सभागृहात किराणा घराण्याचं गाणं झालं. मी सांगलीत विश्रामबागेत राहते. तिथून ते सभागृह म्हणजे वडापनं वीस मिनिटं. ज्या गाण्यासाठी मी पुण्याला रात्रभराचा प्रवास करून जाते, ते गाणं माझ्या घरापासून वीस मिनिटांवर झालं आणि मला कळलं तीन दिवसांनी, पेपरच्या आतल्या पानावर, फोटोखालच्या चार ओळींतून. मी ते कात्रण कापलं आणि डीटीपीच्या, म्हणजे संगणकावर छपाईची पानं जुळवायच्या माझ्या टेबलावरच्या काचेखाली ठेवलं. येणारं-जाणारं कुणी विचारलं की सांगायची, बघा, हे आपल्या गावात झालं आणि आपल्याला पत्ता नाही.

सांगली, मिरज आणि कुपवाड यांची १९९८ साली एक महापालिका झाली, पण गाण्याच्या बाबतीत सांगली आणि मिरज अजून दोन गावं आहेत. सांगलीत नाटक. विष्णुदास भावेंनी १८४३ साली ‘सीता स्वयंवर’ इथंच केलं, आणि त्या प्रयोगाची ५ नोव्हेंबर ही तारीख आपण रंगभूमी दिन म्हणून पाळतो. नाटककार देवल शेजारच्या हरिपूरचे, खाडिलकर सांगलीचे. मिरजेत गाणं आणि वाद्यं. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे विष्णु दिगंबर पलुस्कर शिकले ते मिरजेत. किराणा घराण्याचे अब्दुल करीम खाँसाहेब १९३७ साली मद्रासजवळ प्रवासात असताना वारले, पण त्यांना दफन केलं मिरजेला, ख्वाजा शमना मीरा दर्ग्याच्या आवारात. दर वर्षी उरुसात तिथं गवई येऊन गातात, मानधनाची बोली न करता, हजेरी म्हणून. हे सगळं दहा किलोमीटरच्या आत. आणि तरी सांगलीतल्या नाटकवेड्या माणसाला मिरजेची बैठक कळत नाही, मिरजेच्या कानसेनाला सांगलीतली एकांकिका कळत नाही.

माझा मावसभाऊ मिरजेत तबला वाजवतो. त्याच्याबरोबर चहा पिताना ठरलं, की आपणच महिन्याचं एक पत्रक काढायचं. दोन्ही गावांत या महिन्यात कुठं, काय, किती वाजता. बरोबर वाचायला चार गोष्टी. आणि पैसे घ्यायचे नाहीत.

फुकट का, हा प्रश्न मला पहिल्या दिवसापासून विचारला गेला. जाहिरातदार विचारायचे, नातेवाईक विचारायचे. माझं उत्तर तेव्हाही हेच होतं आणि आजही हेच आहे. मिरज हे डॉक्टरांचं गाव आहे. वानलेस साहेबांनी इथं मिशन हॉस्पिटल काढलं तेव्हापासून, म्हणजे सव्वाशे वर्षं, कोकणातून, सोलापुराकडून, बेळगाव-विजापूरकडून माणसं इथं इलाजाला येतात. पेशंट आत असतो आणि सोबतची माणसं पाच-पाच, दहा-दहा दिवस कॅन्टीनच्या बाकावर बसून काढतात. त्यांच्यात गाणं ऐकणारे असतात, भजनी मंडळात पखवाज वाजवणारे असतात. तो माणूस वीस रुपये देऊन मासिक विकत घेणार नाही. पण बाकावर पडलेलं उचलेल, चाळेल, आणि संध्याकाळी दोन तास मोकळे असतील तर अंबाबाईच्या देवळात नवरात्राच्या संगीत महोत्सवाला जाऊन बसेल. मला तो वाचक हवा होता. किंमत लावली असती तर अंक स्टॉलवर राहिला असता आणि स्टॉलवर जाणाऱ्याला कार्यक्रम तसेही कळतातच.

मला वाटलं होतं, डीटीपी माझा धंदा, छापखाना ओळखीचा, महिन्याभरात अंक निघेल. त्याला वर्ष लागलं.

सार्वजनिक बातम्या देणारं, नियमित निघणारं काही छापायचं तर नोंदणी हवी. आम्ही सुरुवात केली तेव्हा १८६७ चा जुना कायदाच लागू होता. (आता तो गेला, २०२३ चा नवा कायदा मार्च २०२४ पासून आला आणि बरंचसं काम ऑनलाइन झालं.) आधी नावाची पडताळणी. पसंतीच्या क्रमानं नावं लिहून द्यायची, देशात त्या भाषेत किंवा आपल्या राज्यात कुठल्याही भाषेत तसं नाव आधी कुणी घेतलं नसेल तर मिळतं. संगीताशी जोडलेला जो म्हणून गोड शब्द आपल्याला सुचतो तो कुणीतरी कधीच नोंदवून ठेवलेला असतो, हे तेव्हा कळलं. नाव मंजूर होऊन आल्यावर प्रांत ऑफिसात घोषणापत्र. मालक कोण, प्रकाशक कोण, मुद्रक कोण, संपादक कोण, कुठं छापणार. त्या फॉर्मवर किंमतीच्या रकान्यात एक सूचना होती, की वृत्तपत्र मोफत वाटण्यासाठी असेल तर तसं लिहा. ती वाचून मला फार बरं वाटलं. इतके दिवस सगळे मला विचारत होते की फुकट कसं असेल, आणि इथं सरकारी फॉर्ममध्येच त्याची जागा होती. मी तिथं ठळक अक्षरात लिहिलं: मोफत वितरणासाठी.

त्या जुन्या कायद्यात घोषणापत्रावर सही-शिक्का झाला की मासिकाला तीन महिन्यांच्या आत पहिला अंक काढावा लागायचा, नाहीतर घोषणापत्र रद्द. तो शिक्का पडला तेव्हा आमच्याकडे एकही जाहिरात नव्हती.

फुकटपणाची एक किंमत मात्र आम्हाला मोजावी लागली. नोंदणीकृत नियतकालिकांना तेव्हा टपालात सवलत मिळायची, अगदी पैशांत अंक जायचा. पण त्यासाठी खऱ्याखुऱ्या वर्गणीदारांची यादी लागायची. आमच्याकडे वर्गणीच नाही तर वर्गणीदार कुठून आणणार? म्हणजे पोस्टानं वाटायचं नाही. पायांनी आणि दुचाकीनं वाटायचं.

छपाईचं गणित प्रेसवाल्या काकांनी मांडून दिलं. त्यांनी टेबलावरचा एक रद्दी कागद घेतला, घड्या घातल्या, पेनानं कोपऱ्यात आकडे टाकले आणि डमी माझ्या हातात दिली. २३ बाय ३६ इंची एका तावात आपली सोळा पानं बसतात, म्हणजे एक ताव एक अंक. २,००० प्रती म्हणजे २,००० ताव, चार रिमं, वर थोडी वेस्टेज. ७० जीएसएम जाडीचा मॅपलिथो कागद घेतला तर रिम साडेअठरा किलोच्या पुढं जातं आणि कागद किलोवर मिळतो. ताव मधोमध कापून त्यांच्या छोट्या मशीनवर चार-चार पानं छापायची, दोन फर्मे, म्हणजे घडी घातलेले ते अर्धे ताव, एकात एक घालून मधे दोन पिना. रंग परवडत नव्हता. काका म्हणाले, ‘‘चार बाजूंतल्या एका बाजूला एक जादा रंग देतो. त्या बाजूला पान १, ४, १३ आणि १६ येतात. जाहिरातवाल्याला सांग, रंगीत पाहिजे तर चार नाहीतर तेरा.’’ तेव्हापासून आमचे जाहिरातदार पान नंबरानंच बोलतात. गणपती पेठेतले एक भडंगवाले आजही विचारतात, ‘‘ताई, तेरा मोकळंय का?’’

मावसभावाचा हट्ट होता की तो जादा रंग हळदीचा पिवळा हवा. सांगली म्हणजे हळद. काकांनी वाद घातला नाही. एक प्रूफ पिवळ्यात काढलं, ट्यूबलाइटखाली धरलं आणि शेजारच्या दुकानातल्या आजोबांना बोलावून म्हणाले, वाचा. आजोबांनी चष्मा वर-खाली केला आणि कागद परत दिला. आम्ही कुंकवाच्या जवळ जाणारा गडद लाल घेतला.

शेवटचं पान, सोळावं, कार्यक्रमांचं. ते मी कुणालाही विकलं नाही. एका क्लासवाल्यांनी त्या पानासाठी दोन महिन्यांची छपाई निघेल एवढे पैसे देऊ केले होते. त्या वेळी माझ्या खात्यात काय होतं ते मला आठवतं. तरी नाही म्हटलं. माणूस अंक उचलतो, उलटा करतो आणि मागचं पान आधी बघतो. तिथं त्याला आज संध्याकाळी कुठं जायचं हे दिसलं पाहिजे.

त्या पानावर काय लिहायचं हे आम्ही हळूहळू शिकलो. सुरुवातीला तारीख, वेळ, स्थळ, कलाकार एवढंच होतं. मग लक्षात आलं, की निमंत्रणपत्रिकेवर ‘सायंकाळी ठीक सहा’ असतं ते पाहुण्यांच्या स्वागताला. तानपुरे लागतात पावणेसातला. बाहेरगावाहून येणाऱ्याला गाणं कधी सुरू होणार आणि कधी संपणार हे हवं असतं, कारण त्याला शेवटची गाडी गाठायची असते. म्हणून आम्ही आयोजकांना विचारायला लागलो, प्रत्यक्ष सूर कधी लागतो? मग शेवटच्या बसची वेळ घालायला लागलो. मग एका बाईंनी फोन करून सांगितलं की बसायला खुर्ची आहे की सतरंजी तेही लिहा, गुडघ्यांमुळे सतरंजीच्या बैठकीला जाता येत नाही. तेव्हापासून प्रत्येक नोंदीच्या शेवटी ‘खुर्ची’ किंवा ‘सतरंजी’ असा एक शब्द असतो. इतक्या वर्षांत आमच्या मासिकाचं सगळ्यात जास्त कौतुक झालं ते त्या एका शब्दासाठी.

उरुसाची नोंद सगळ्यात अवघड. उरूस चंद्राच्या हिशेबानं येतो, दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडं सरकतो. गेल्या वर्षीचा अंक बघून तारीख टाकता येत नाही. दर्ग्यात जाऊन, जाणत्या माणसाशी बोलूनच लिहावं लागतं.

आतल्या पानांसाठी मी पहिल्यांदा मिरजेच्या सतारमेकर गल्लीत गेले ती दुपार मला नीट आठवते. तिथले कारागीर शिकलगार, म्हणजे मूळचे हत्यारांना धार लावणारे. एकोणिसाव्या शतकात त्यांच्यातल्या फरीदसाहेबांनी तंबोरे-सतारी करायला घेतल्या आणि गल्ली उभी राहिली. दुकानांच्या बाहेर भोपळे टांगलेले. खायचे नव्हेत, पंढरपूर-मंगळवेढ्याकडचे, जाड सालीचे, कडू, महिनोन्‌महिने वाळवलेले. आत एक कारागीर मांडीवर तंबोरा आडवा घेऊन जवारी काढत होते. घोडीचा वरचा भाग कानसेनं इतका हलका घासायचा की डोळ्याला फरक दिसत नाही. एकदा घासलं, फुंकर मारली, तार चढवली, छेडली. आवाज कोरडा. तार उतरवली, पुन्हा दोन हात, पुन्हा फुंकर. असं किती वेळा केलं मी मोजलं नाही. मग एका क्षणी तीच तार, तोच हात, आणि आवाज उघडला. खोलीभर पसरला आणि बराच वेळ विरला नाही. ते माझ्याकडे न बघता म्हणाले, ‘‘आली.’’ मी सोळा पानांत ते कसं लिहायचं याचा विचार करत बसले होते, त्यांनी पुढचा तंबोरा घेतला.

२०२४ साली मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा मला त्या दुपारचा ‘आली’ आठवला.

पहिला अंक फेब्रुवारी २०१८ मध्ये निघाला. २,००० प्रतींचे गठ्ठे माझ्या दुचाकीच्या पायाजवळ. नाट्यगृहांची तिकीट खिडकी, वाद्यांची दुकानं, पुस्तकांची दुकानं, चहाचे गाडे, मिरज जंक्शनबाहेरचे स्टॉल, दवाखान्यांची कॅन्टीनं, मेडिकलची काउंटरं. प्रत्येक ठिकाणी तीच विनंती: इथं ठेवू का? नाही म्हणणारे फार थोडे. पण ठेवू देणं वेगळं आणि दिसेल असं ठेवणं वेगळं. पंधरा दिवसांनी पुन्हा गेले तर काही ठिकाणी गठ्ठा काउंटरखाली, तसाच बांधलेला. मग मी प्रती कमी केल्या आणि फेऱ्या वाढवल्या. शंभराचा गठ्ठा एकदा टाकण्यापेक्षा वीस-वीस पाच वेळा. तेवढ्यासाठी दुकानदाराशी पाच वेळा बोलणं होतं आणि पाचव्या वेळेला तो आपणहून सांगतो, ‘‘ताई, आमच्या गल्लीतल्या मंडळाचं भजन आहे गुरुवारी, घालता का?’’

पैशांचं सांगायचं तर पहिले सहा महिने घरातून गेले. मग साडेतीन-चार पानं जाहिराती नेमानं मिळायला लागल्या आणि छपाई निघायला लागली. माझी आणि भावाची मजुरी कधीच निघाली नाही. जाहिरात देणारे मोठे कुणी नव्हते. वाद्यदुरुस्ती, साउंडवाले, ड्रेपरीवाले, क्लास, भडंग, एक हळदीचे अडते. हे अडते स्वतः नाट्यसंगीत गातात. एकदा त्यांनी जाहिरातीचा मजकूर दिला आणि खाली लिहिलं, ‘जागा उरल्यास कार्यक्रम टाकावा.’

आता जे मला सांगायचंच होतं ते सांगते.

नोव्हेंबर २०१८ चा अंक, दहावा. रंगभूमी दिन, दिवाळी, राज्य नाट्य स्पर्धा, सगळं एका महिन्यात, पान खच्चून भरलेलं. त्यात मिरजेतल्या एका बैठकीची नोंद होती: शनिवार, १७ नोव्हेंबर. आमच्याकडे निमंत्रणाचा फोटो व्हॉट्सॲपवर आला होता, त्यावरून मी टाइप केलं, भावानं तपासलं. अंक छापायला गेला. त्यानंतर त्या आयोजकांना जागेची अडचण आली आणि त्यांनी बैठक रविवारी १८ तारखेला नेली. त्यांच्या नेहमीच्या श्रोत्यांना निरोप गेले. आम्हाला कुणी कळवलं नाही, आणि आम्हीही विचारलं नाही.

शनिवारी संध्याकाळी साडेसहाच्या सुमारास फोन आला. अंकाच्या तळाला प्रकाशकाचा नंबर असतो, त्यावर. म्हाताऱ्या माणसाचा आवाज, जत भागाची बोली. ‘‘बाई, मी मिरजेत आलोय. तुमच्या कागदावर जी जागा लिवलीय तिथं हुबा हाय. इथं कुलूप हाय.’’

त्या आवाजात राग नव्हता. त्यांना वाटत होतं की आपणच काहीतरी चुकलो, दुसरं दार असेल, दुसरा रस्ता असेल. ते विचारत होते, मागच्या बाजूनं यायचं का?

मी आयोजकांना फोन लावला तेव्हा मला कळलं. मग भावाला सांगितलं आणि आम्ही दोघं निघालो. ते त्याच दारासमोर पायरीवर बसले होते. पांढरं धोतर, टोपी, हातात कापडी पिशवी. पिशवीतून आमचा अंक बाहेर डोकावत होता, चार घड्या घातलेला, मागचं पान वर. ऑक्टोबरच्या शेवटी ते डोळे तपासायला मिरजेला आले होते, मेडिकलच्या काउंटरवर अंक मिळाला. पूर्वी गावच्या भजनात आणि नाटकात पेटी वाजवायचे. आता डोळ्यांनी दिसत नाही नीट, म्हणून नातवाकडून वाचून घेतलं आणि तारीख धरून, एकटे, एसटीनं अडीच-तीन तास प्रवास करून आले. परत जायची गाडी निघून गेली होती.

मी त्यांची माफी मागितली. ते म्हणाले, ‘‘छापलेलं असतंय म्हणून इस्वास ठेवला.’’ एवढंच. त्यांनी ते दोष द्यायला म्हटलं नव्हतं. पण मी ते वाक्य अजून विसरलेले नाही.

रात्री ते आमच्या घरी राहिले. आईनं भाकरी आणि वांग्याची भाजी केली. जेवण झाल्यावर भावानं पेटी पुढं ठेवली. त्यांनी भाता दोनदा हलवला, पट्ट्यांवरून बोटं फिरवली, काळी चार सापडली आणि एक अभंग वाजवला. गायले नाहीत, फक्त वाजवला, पण प्रत्येक शब्द कळत होता. दुसऱ्या दिवशी आम्ही त्यांना बैठकीला घेऊन गेलो आणि पुढं खुर्ची दिली. तीन तास ते हलले नाहीत.

सोमवारी मी काकांकडे गेले आणि विचारलं, सोळाव्या पानाची प्लेट, म्हणजे ज्यावरून छपाई होते तो पत्रा, सगळ्यात शेवटी करता येईल का? त्यांनी डमी उलगडून दाखवलं, की सोळावं पान एकटं नसतं. १, ४ आणि १३ त्याच बाजूला आहेत. ती प्लेट थांबवायची म्हणजे मुखपृष्ठ थांबणार आणि दोन्ही रंगीत जाहिराती थांबणार. शिवाय त्याच बाजूला दोन रंग, म्हणजे मशीनवर दोनदा जाणार. बाकीच्या तीन बाजू आधी छापून ठेवायच्या आणि हा एक फर्मा एक दिवस अडवायचा, तर त्या दिवशी त्यांच्या मशीनवर दुसरं काम घेता येणार नाही. लग्नसराईत तर तो दिवस त्यांना फार महाग. मी काही बोलले नाही. त्यांनी विचारलं, ‘‘त्या म्हाताऱ्याला घरी नेलंस म्हणे?’’ मी हो म्हटलं. ‘‘बरं,’’ म्हणाले, ‘‘अडवतो.’’

तेव्हापासून आमचा नियम असा. महिन्याच्या २६ तारखेला प्लेट जाते. २५ ला सकाळी दहापासून मी यादी घेऊन बसते आणि प्रत्येक आयोजकाला फोन लावते. निमंत्रणपत्रिका हातात असली तरी, त्यांनी स्वतः काल सांगितलं असलं तरी. वार विचारते, तारीख विचारते, जागा विचारते, खुर्ची की सतरंजी विचारते. वार आणि तारीख एकदम सांगितलेली मी धरत नाही. आधी वार, मग थोड्या वेळानं तारीख, आणि दोन्ही कॅलेंडरवर जुळतात का बघते. जो आयोजक फोन उचलत नाही त्याची नोंद जात नाही. यावरून माणसं दुखावली. एका मोठ्या मंडळाची नोंद मी गाळली तेव्हा त्यांनी त्यांच्या पाचही ठिकाणी आमच्या प्रती ठेवायची परवानगी काढून घेतली. पुढच्या महिन्यात त्यांनी स्वतः २५ ला सकाळी नऊ वाजता फोन केला.

२०१९ च्या ऑगस्टात कृष्णेला पूर आला. आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांच्या वर गेलं, धोक्याची पातळी ४५ ची. काकांच्या प्रेसमध्ये पाणी छातीएवढं होतं. छापून ठेवलेला ऑगस्टचा अंक, पुढच्या अंकाचा कागद, सगळं गेलं. भिजलेलं रिम उचलायला गेलं की हातात लगदा येतो आणि वजन तिप्पट. ते दिवस लिहिण्यासारखे नाहीत. सप्टेंबरचा अंक आम्ही एका तावाच्या चौथ्या भागावर, फक्त काळ्या शाईत, मिरजेतून छापून घेतला. त्यावर कार्यक्रम तीनच होते, कारण तेवढेच होणार होते. उरलेल्या जागेत भिजलेली पेटी उन्हात ठेवू नका, सावलीत वाळवा, आणि तबल्याची पुडी, सतारीचा भोपळा कुणाकडे दाखवायचा ते लिहिलं. गल्लीतल्या कारागिरांनी सांगितलं तसं. २,००० प्रती चार दिवसांत संपल्या.

मग मार्च २०२०. एप्रिलच्या अंकासाठी २५ तारखेला फोन लावायला बसायचं कारणच उरलं नाही, आदल्या रात्री देश बंद झाला होता. तरी मी सगळ्यांना फोन केले. कार्यक्रम विचारायला नाही, कसे आहात विचारायला. त्यानंतर दीड वर्षावर मासिक बंद राहिलं. राज्यातली नाट्यगृहं २२ ऑक्टोबर २०२१ नंतर उघडणार असं जाहीर झालं, तेव्हा आम्ही नोव्हेंबरचा अंक काढायचं ठरवलं. तेव्हाच्या कायद्यात बारा महिन्यांहून जास्त काळ अंक निघाला नाही तर जुनं घोषणापत्र संपायचं, म्हणून पुन्हा प्रांत ऑफिस, पुन्हा तो फॉर्म, पुन्हा तो रकाना. मी पुन्हा लिहिलं: मोफत वितरणासाठी.

पेटीवाल्या आजोबांचं सांगायचं राहिलं. त्या रात्रीनंतर मी त्यांना दर महिन्याला पोस्टानं अंक पाठवायची, पूर्ण दराचं तिकीट लावून. चार-पाच महिन्यांनी त्यांचा फोन आला, की अंक पाठवू नका, वाचायला नातू आता शहरात शिकायला गेला. त्यापेक्षा फोनवरच वाचून दाखवाल का? मी म्हटलं दाखवीन. तेव्हापासून २५ तारखेला संध्याकाळी, सगळे फोन संपले की शेवटचा फोन त्यांना. मी पूर्ण सोळावं पान वाचते, नोंद न नोंद. ते येत नाहीत फारसे, प्रवास झेपत नाही. पण कोण गाणार, काय गाणार, साथीला कोण, हे सगळं ऐकतात. बंदच्या काळातही त्या तारखेला त्यांचा फोन यायचा आणि आम्ही जुने अंक काढून वाचायचो.

२०२१ च्या ऑक्टोबरात, २५ तारखेला, मी त्यांना नव्या अंकाचं पान वाचून दाखवत होते. दिवसभरात एकवीस फोन झाले होते, घसा बसला होता. सगळं दोनदा तपासलं होतं. अर्ध्यावर आले तेव्हा ते म्हणाले, ‘‘थांबा बाई. काय म्हणला?’’

मी पुन्हा वाचलं, ‘‘शनिवार, २१ नोव्हेंबर.’’

‘‘एकवीसला रविवार येतोय. शनवार वीसला.’’ त्यांना कॅलेंडर दिसत नव्हतं. ते कार्तिकी पौर्णिमेपासून बोटांवर मोजत होते, मला फोनवर पुटपुटणं ऐकू येत होतं. ‘‘बघा तुमी, इचारा त्यास्नी.’’

रात्रीचे साडेआठ झाले होते. मी आधी काकांना फोन लावला आणि सांगितलं की प्लेट उद्या दुपारनंतर, आणि मग त्या आयोजकांचा नंबर शोधायला लागले.